आधी माय, मग कॅमेरा

दर पावसाळ्यात नंदुरबारकडची एक क्लिप मोबाइलवर येतेच. धडगाव नाहीतर अक्कलकुवा तालुक्यातला एखादा पाडा, चिखलाची उतरती पायवाट, दोघांच्या खांद्यावर बांबू आणि बांबूला बांधलेली झोळी. झोळीत कळा सोसणारी बाई. मागून येणारा कोणीतरी मोबाइल पुढे धरून चालतो आणि मध्येच तो तिच्या तोंडाजवळ नेतो. संध्याकाळी तीच क्लिप बातम्यांत लागते. रस्ता नाही हे जगाला दिसलंच पाहिजे, त्याबद्दल माझं काही म्हणणं नाही. पण त्या बाईला कोणी विचारलं होतं का? आणि ती दवाखान्यात पोचल्यावर तिचं काय झालं, तिच्याजवळ कोण होतं, हे मी आजवर एकाही बातमीत पाहिलेलं नाही. झोळी दवाखान्याच्या पायरीला टेकली की सगळ्यांचे मोबाइल खिशात जातात.

मला त्या पायरीच्या पलीकडचं बोलायचं आहे.

ब्रिटनमध्ये चॅनल फोर या वाहिनीने २०१० साली ‘वन बॉर्न एव्हरी मिनिट’ ही मालिका सुरू केली. साउदॅम्प्टनच्या प्रिन्सेस ॲन हॉस्पिटलमध्ये, प्रसूती विभागाच्या भिंतींवर आणि छताला चाळीस कॅमेरे बसवले. कॅमेरे जागच्या जागी, चालवणारे दुसऱ्या खोलीत. त्यामुळे बाईच्या उशापायथ्याशी चित्रीकरणाची माणसं उभी नसायची. पुढे हीच मालिका लीड्स, ब्रिस्टल, लिव्हरपूल अशा शहरांतल्या रुग्णालयांत गेली आणि २०१८ पर्यंत चालली. फ्रान्स आणि अमेरिकेनेही आपापल्या आवृत्त्या काढल्या. मी तिचे काही भाग पाहिले आहेत. त्यातल्या किंकाळ्या मला फारशा आठवत नाहीत. आठवतं ते मधलं रिकामं बसणं. नवरा खुर्चीत तोंड उघडं टाकून झोपलेला, बाई एकटीच छताकडे बघत कळ मोजते आहे, सुईण येऊन तिचा खांदा दाबते आणि काही न बोलता शेजारी बसते. बाळंतपण म्हणजे मुख्यतः वाट पाहणं, हे मी स्वतः दोनदा बाळंत होऊनही पहिल्यांदा नीट पाहिलं ते त्या पडद्यावर.

असं काही आपल्याकडे व्हावं का, हा प्रश्न आता कल्पनेतला राहिलेला नाही. खाजगी दवाखान्यांच्या रील्स रोज येतात. नाळ कापतानाचा क्षण, डॉक्टरांच्या हातात पायाला धरलेलं बाळ, मागे गाणं. खानदेशात चित्रीकरण करणारी पोरं आता गावोगावी आहेत, अहिराणी गाण्यांना लाखांनी प्रेक्षक मिळतात. उद्या कोणी चांगला कॅमेरा घेऊन जळगावच्या, धुळ्याच्या, नंदुरबारच्या एखाद्या प्रसूती कक्षात महिनाभर बसायचं म्हणाला, तर आपण काय म्हणणार? ‘शी, हे काय दाखवायचं’ असं बरेच जण म्हणतील. मी तसं म्हणणार नाही. मला ते हवं आहे. पण कॅमेऱ्याच्या आधी दुसरं कोणीतरी त्या दारातून आत गेलं पाहिजे, आणि ते अजून बाहेरच बसलेलं आहे.

आधी, हवं का आहे ते सांगते.

मी शाळेत विज्ञान शिकवते. दहावीच्या पुस्तकात मानवी प्रजननाचं प्रकरण आहे, आकृत्या आहेत, संप्रेरकांची नावं आहेत. जन्माच्या त्या काही तासांबद्दल मात्र जवळपास काहीच नाही. दोन वर्षांपूर्वी तास संपल्यावर एक मुलगी टेबलापाशी घुटमळली आणि विचारलं, “मॅडम, मरतं का माणूस त्यात?” तिच्या आईचं तिसरं बाळंतपण जवळ आलं होतं. तिने बाळंतपण पाहिलं होतं ते सिनेमात. गरम पाणी आणा, दिवा फडफडतो, एक किंकाळी, मग डॉक्टर हात पुसत बाहेर येतात आणि मान हलवतात.

पूर्वी मुलींना एवढं अंधारात राहावं लागत नसे. घरातच बाळंतपण व्हायचं, मधल्या खोलीत सुईण, आजी, काकू, शेजारची एखादी जाणती बाई. मुलींना बाहेर पिटाळलं जायचं, पण भिंतीपलीकडचं ऐकू यायचं आणि कोणाला काय झालं, किती वेळ लागला, कोणी काय केलं, हे पुढे दळता-निवडताना बोललं जायचं. आता राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या २०१९-२१ च्या फेरीप्रमाणे महाराष्ट्रात शंभरातली जवळजवळ ९५ बाळंतपणं दवाखान्यात होतात. याने बायका वाचल्या आहेत, याबद्दल मला कोणाशी वाद घालायचा नाही. राज्याचं मातामृत्यूचं प्रमाण २०१८-२० मध्ये लाख जिवंत जन्मांमागे ३३ पर्यंत खाली आलं. माझ्या आजीच्या तोंडून ज्या बायांची नावं मी ऐकली, ‘वार पडली नाही म्हणून गेली’, ‘आडवं होतं म्हणून गेली’, त्यांतल्या बऱ्याच आज जगल्या असत्या. मात्र बाळंतपण घरातून उठून एका बंद दाराआड गेलं आणि तिथे काय होतं हे बघणारं घरचं माणूस कोणी उरलं नाही.

त्या दाराबाहेर मी एक रात्र काढली आहे. माझ्या भाचीची पहिली खेप, माहेरी आलेली. मे महिना, रात्रीचे दोन वाजलेत आणि तरी भिंतीला हात लावला तर भिंत गरम. सरकारी दवाखान्याच्या व्हरांड्यात सतरंजी टाकून ताई आणि मी बसलो होतो. पिशवीत जुन्या लुगड्याची धुतलेली दुपटी, थर्मासात चहा, डब्यात शिरा. दहा वाजता पाणी गेलं म्हणून आणलं होतं. आत घेतलं आणि दार लोटलं गेलं. ताई उठून दारापर्यंत जायची आणि परत येऊन बसायची. आतून भाचीचा आवाज यायचा, “माय वं, माय!” आणि त्यावर दुसरा आवाज, कंटाळलेला, चढा: “तेव्हा नाही ओरडलीस ती?” पाठोपाठ मांडीवर चापट मारल्याचा आवाज. तो आवाज ओळखायला पाहावं लागत नाही. ताईने माझ्याकडे पाहिलं नाही. ती दुपटं घडी करत होती, तेच दुपटं पुन्हा उलगडून घडी करत होती.

‘तेव्हा नाही ओरडलीस’ हे वाक्य मी त्या आधीही ऐकलं होतं, माझ्या मैत्रिणींकडून, मोलकरणीकडून, एका शिक्षक बहिणीकडून. वेगवेगळ्या गावांतले दवाखाने आणि वाक्य तेच. बाळंतपणात बाईला होणाऱ्या या अपमानाची आणि मारहाणीची दखल जागतिक आरोग्य संघटनेने २०१४ मध्ये स्वतंत्र निवेदन काढून घेतली. म्हणजे आमच्याच गावचं हे दुखणं नाही. पण आमच्या गावात त्यावर कोणी तोंड उघडत नाही, कारण बाळ हातात आलं की सगळं विसरायचं असतं आणि वर पेढे वाटायचे असतात.

तीनच्या सुमाराला सिस्टर बाहेर आली. पन्नाशीची असेल, डोळे लाल. रात्रपाळीला ती एकटी, आत तीन टेबलं भरलेली. ताईने काही मागितलंही नव्हतं. सिस्टर म्हणाली, “आई कोण? या आत. एकच जण. चपला इथे काढा, हात धुवा.” दार अर्धवट उघडं राहिलं म्हणून मला दिसलं. ताई डोक्यापाशी उभी राहिली, भाचीच्या कपाळावरचे चिकटलेले केस मागे सारले आणि म्हणाली, “मी आठेच शे, माय.” मी इथेच आहे, एवढंच. त्यानंतर पहाटेपर्यंत आतून चढा आवाज एकदाही आला नाही. मघाशी ओरडणारी आया तीच होती. तिनेच मग भाचीला पाणी पाजलं, कुशीवर वळायला मदत केली. ती बाई एका तासात बदलली नव्हती. फक्त आता बघणारं कोणीतरी तिथे उभं होतं.

शेजारच्या टेबलावर सातपुड्यातली एक पावरा आदिवासी मुलगी होती, विशीचीही नसेल. तिला मराठी येत नव्हती आणि तिथे कोणाला पावरी येत नव्हती. ‘जोर लाव’ म्हटलेलं तिला कळत नव्हतं, ‘जोर लावू नको’ हेही नाही, आणि दोन्हीसाठी तिला बोलणी बसत होती. तिची सासू आणि नवरा व्हरांड्याच्या दुसऱ्या टोकाला भिंतीला टेकून बसले होते. त्यांना कोणी बोलावलं नाही, आणि आपण विचारावं असं त्यांना वाटायचा प्रश्नच नव्हता. ताईचा एक हात भाचीच्या डोक्यावर होता. दुसरा तिने त्या मुलीला धरायला दिला. ताई सांगते, तिच्या मनगटावर चार दिवस वळ होते.

कॅमेरा आत असता तर हे सगळं दिसलं असतं. ती चापटही दिसली असती आणि तीन टेबलांमध्ये एकटीच धावणारी सिस्टरही. ते दुसरं दिसणंही मला तेवढंच महत्त्वाचं वाटतं. आपण आयाला, नर्सला नावं ठेवून मोकळे होतो, रात्रपाळीला माणसं किती आणि टेबलं किती हे कोणी मोजत नाही. कॅमेऱ्यापुढे ते मोजावंच लागेल. आणि ती पावरा मुलगी पडद्यावर बोलली असती, खाली मराठी अक्षरं आली असती, तर तिला न कळणाऱ्या भाषेत आपण तिच्यावर ओरडतो आहोत हे निदान बघणाऱ्यांना कळलं असतं. अहिराणी आणि भिली, पावरी या आमच्या भाषा पडद्यावर येतात त्या बहुतेक करून हसवायला नाहीतर नाचवायला. दुखण्याच्या वेळी माणूस ज्या भाषेत हाक मारतं, ती भाषा ऐकण्याची सवय महाराष्ट्राला अजून व्हायची आहे.

खाजगी दवाखान्यातही कॅमेरा न्यायला हवा, आणि तिथे तर आधी. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या त्याच फेरीत देशभरातल्या सरकारी दवाखान्यांत सिझेरियनचं प्रमाण १४.३ टक्के आहे आणि खाजगीत ४७.४. खाजगीतल्या जवळजवळ निम्म्या बायांचं पोट कापावं लागतं, हे निव्वळ वैद्यकीय कारणांनी होत असेल असं मला वाटत नाही. सिझर अनेकदा जीव वाचवतं, माझ्या जावेचा वाचला आहे. पण वाट पाहण्याची तयारी कोणाचीच उरलेली नाही, डॉक्टरांची नाही आणि नातेवाइकांचीही नाही. ‘किती वेळ ठेवता, करून टाका’ असं म्हणणारा सासरा मी माझ्या कानांनी ऐकला आहे. गर्भपिशवीचं तोंड तासाला एक सेंटिमीटर उघडलंच पाहिजे, हा जुना हिशेब जागतिक आरोग्य संघटनेने २०१८ मध्ये बाजूला ठेवला. कळांचा खरा जोर पाच सेंटिमीटरपासून धरावा आणि पहिलटकरणीला तिथून पुढे बारा तासांपर्यंत लागू शकतात, असं तिने सांगितलं. हे आकडे सासऱ्याला सांगून पटणार नाहीत. पण सून, मुलगा आणि तो स्वतः टीव्हीसमोर बसून एखाद्या बाईला अकरा तास फेऱ्या मारताना, खाताना, रडताना आणि मग सुखरूप सुटताना पाहतील, तर पटण्याची शक्यता आहे. अर्थात, अकरा तास दाखवतो कोण? ब्रिटनमधल्या त्या मालिकेवरही टीका झाली ती हीच, की बाया सतत पाठीवर निजलेल्या दिसतात, शांत गेलेल्या रात्री कापल्या जातात आणि धावपळ तेवढी उरते. बघणारी पहिलटकरीण धीर घेण्याऐवजी भीतीच घेऊन उठते. आपल्याकडे संकलन करणाऱ्याच्या टेबलावर हा धोका दुप्पट असेल, कारण पाठीमागे गाणं लावल्याशिवाय आपल्याला राहवत नाही.

तिथल्या आणि आपल्या परिस्थितीत एक फरक आहे, आणि माझी सगळी अडचण त्या फरकात आहे. ब्रिटनमध्ये बहुतेक सगळ्या बाया सरकारी आरोग्यसेवेच्याच दवाखान्यात बाळंत होतात. वकिलीण असो की दुकानातली कामगार, वॉर्ड एकच. त्यामुळे घरी सोफ्यावर बसून बघणारी आणि पडद्यावर कळा देणारी, या दोघी एकाच वॉर्डातल्या. आपल्याकडे सरकारी प्रसूती कक्षात जाते ती शेतमजुराची बायको, ऊसतोडीवरून परतलेली, पाड्यावरून उतरलेली. बघणार कोण? ज्यांच्या घरची बाळंतपणं खाजगीत होतात ते. ज्या बाईला दवाखान्यात ‘सरक तिकडे’ म्हटलं जातं, तिच्यापुढे कॅमेऱ्याच्या परवानगीचा कागद धरला तर ती नाही म्हणेल का? तिला वाटेल, नाही म्हटलं तर हात लावणार नाहीत. अंगठा उमटवेल. आणि तो अंगठा दाखवून निर्माता म्हणेल, संमती आहे.

नियम कडक असलेल्या देशातही हे घसरतं. केंब्रिजच्या एका मोठ्या रुग्णालयात २०१७ मध्ये एका निर्मिती संस्थेने मृतजन्माच्या विषयावर माहितीपट करताना गरोदर बायांच्या तपासणी खोल्यांत कॅमेरे आणि माइक लावले. भिंतीवर सूचना चिकटवल्या होत्या, प्रतीक्षागृहातल्या टेबलांवर पत्रं ठेवली होती. पोटातलं बाळ हलत नाही म्हणून घाबरून धावत आलेली बाई भिंतीवरची सूचना वाचत बसेल का? तिथल्या माहिती आयुक्तांनी २०१९ मध्ये त्या संस्थेला १ लाख २० हजार पौंडांचा दंड ठोठावला. चित्रीकरण करणाऱ्यांचा हेतू चांगला होता, विषयही महत्त्वाचा होता. तरीही.

म्हणून परवानगी कळा सुरू झाल्यावर मागायचीच नाही. ती सातव्या महिन्यात मागावी, तिच्या घरी किंवा माहेरी, तिच्या भाषेत. मागणारं माणूस दवाखान्याचं नसावं, कारण दवाखान्याला नाही म्हणता येत नाही. सासू समोर बसलेली नसावी. आणि शेवटचा होकार सव्वा महिना झाल्यावर घ्यावा. आपल्याकडे बाळंतिणीचा सव्वा महिना पाळतात. शेक-शेगडी, डिंकाचे लाडू, कानाला बांधलेला रुमाल. तो संपून ती उठून बाहेर आली, अंगात बळ आलं, की तिला सगळं चित्रीकरण दाखवावं आणि मग विचारावं, हे लोकांना दाखवू का? नाही म्हणाली तर कारण विचारू नये. यात निर्मात्याचे पैसे बुडतील, हे मला कळतं. ते बुडण्याची तयारी नसेल तर त्याने दुसरा विषय घ्यावा.

एक गोष्ट मात्र आईच्या होकारानेही दाखवू नये असं मला वाटतं, आणि ती आमच्या जिल्ह्यांत हटकून समोर येणार आहे. २०११ च्या जनगणनेत जळगाव जिल्ह्यात सहा वर्षांखालच्या हजार मुलग्यांमागे ८४२ मुली होत्या. दार उघडतं, आया दुपट्यात गुंडाळलेलं बाळ घेऊन येते आणि व्हरांड्यातून एकच प्रश्न येतो, “काय व्हयनं?” मुलगी म्हटल्यावर जे चेहरे होतात, ते मी पाहिले आहेत. ‘लक्ष्मी आली’ म्हणायच्या आधीचे दोन-तीन क्षण. चांगला दिग्दर्शक नेमके तेच क्षण टिपेल, त्यातून बोलणारा माहितीपट होईल, पुरस्कारही मिळेल. आणि दहा-बारा वर्षांनी ती मुलगी मोबाइलवर तो तुकडा पाहील. स्वतःच्या जन्माच्या बातमीवर आपल्या आजीचं पडलेलं तोंड, बापाचं गप्प होणं. तिला कोणी विचारलं होतं? समाजाचा चेहरा दाखवायचा तर तो हजार मार्गांनी दाखवता येतो. त्यासाठी एका मुलीच्या आयुष्यातला पहिला क्षण तिच्याविरुद्ध जपून ठेवू नये.

आता दाराबाहेर कोण बसलंय ते. सरकारी दवाखान्यात बाळंतिणीजवळ तिचं एक माणूस असू द्यावं, असं केंद्र सरकारने २०१६ मध्येच सांगितलं आहे. स्वतः बाळंतपणातून गेलेली बाई असावी, संसर्गाचा आजार नसावा, कपडे स्वच्छ असावेत, शेवटपर्यंत थांबायची तयारी असावी, कर्मचाऱ्यांच्या कामात लुडबुड करू नये. साध्या अटी आहेत. पुढच्याच वर्षी, डिसेंबर २०१७ मध्ये, प्रसूती कक्ष सुधारण्यासाठी ‘लक्ष्य’ कार्यक्रम सुरू झाला, त्यातही बाईला सन्मानाने वागवणं आणि सोबतीण असणं धरलेलं आहे. पडदे, जागा, टेबलांमधलं अंतर, सगळं लिहिलेलं आहे. तरी ताईला रात्री तीन वाजेपर्यंत व्हरांड्यात बसावं लागलं, आणि ती आत गेली ती नियमामुळे नाही, एका थकलेल्या सिस्टरच्या मनात आलं म्हणून. पावरा मुलीच्या सासूला तेवढंही मिळालं नाही.

जागा नाही, गर्दी होते, शेजारच्या बायांची लाज राहत नाही, ही कारणं मला नेहमी सांगितली जातात. पडदा लावला तर त्यातली निम्मी सुटतात. आणि ज्या खोलीत आईला उभं राहायला जागा नाही, तिथे कॅमेऱ्याला जागा कुठून येणार? ज्या दवाखान्याला आपल्या कामाकडे एका अडाणी म्हातारीने बघितलेलं चालत नाही, त्याने कॅमेऱ्याला होकार दिला तर मला भीती वाटते. त्याचा अर्थ एवढाच होईल, की आत जे दिसेल ते आधी ठरवून ठेवलेलं आहे, चांगली टेबलं, धुतलेल्या चादरी, निवडलेल्या बाया. कॅमेरा संध्याकाळी बंद करता येतो, नको ते कापता येतं. सासू, आई, जाऊ, मावशी कापता येत नाहीत. त्या घरी जाऊन बोलतात, आणि पुढच्या खेपेला कोणत्या दवाखान्यात जायचं हे त्या बोलण्यावर ठरतं.

म्हणून चित्रीकरण करायला निघालेल्या तरुणांना, आणि त्यांना परवानगी देणाऱ्या अधिकाऱ्यांना माझं सांगणं आहे. ज्या कक्षात गेले सहा महिने प्रत्येक बाईसोबत, पाड्यावरच्या बाईसोबतसुद्धा, तिचं एक माणूस आत होतं, तिथेच कॅमेरा लावा. नोंदवही बघा, आशाताईंना विचारा, त्या खरं सांगतील. असे कक्ष आज थोडे निघतील. मग त्या थोड्यांपासून सुरू करा आणि बाकीच्यांना कळू द्या की आपल्याकडे कॅमेरा का आला नाही.

भाचीला पहाटे पावणेसहाला मुलगी झाली. पावरा मुलीला त्याच्याआधी, मुलगा. ताई बाहेर आली तेव्हा तिने व्हरांड्याच्या दुसऱ्या टोकाला जाऊन त्या सासूपुढे दोन्ही हात जोडून बाळ झोपल्याची खूण केली. म्हातारी उठली आणि दाराकडे निघाली. दारात सिस्टरने तिला पाहिलं, काय वाटलं कोण जाणे, पायांकडे बोट दाखवलं आणि नळाकडे. म्हातारीच्या पायात चपला नव्हत्याच. तिने कोपरापर्यंत हात धुतले, लुगड्याला न पुसता तसेच ओले पुढे धरले आणि आत गेली.